तुम्ही सुखी आहात का?

(मंडळाच्या वर्धापनदिनाच्या सभेत केलेले भाषण)



चित्रपटांची जाणकार म्हणून मी येथे उभी नाही, हे आधीच सांगून टाकते. तीस वर्षे मी महाविद्यालयात तर्कशास्त्र आणि तत्त्वज्ञान शिकवले. चित्रपट पाहिले ते तुमच्यासारखेच, सुटीत, आणि कुणी तिकिटे काढून आणली म्हणून. परंतु यंदा आपल्या कार्यकारिणीने एक बेत केला आहे. मंडळातल्या ऐंशी वर्षांवरच्या भगिनींच्या मुलाखती मोबाइलवर चित्रित करायच्या, त्यांचा एक लहानसा अनुबोधपट तयार करायचा आणि पुढच्या वर्धापनदिनी तो याच सभागृहात दाखवायचा. "प्रश्न तेवढे तुम्ही काढून द्या," असे मला सांगण्यात आले. प्रश्न काढणे हा तर माझा जन्माचा व्यवसाय. मी आनंदाने होकार दिला. एका संध्याकाळी कागद घेऊन बसले, पहिला प्रश्न लिहिला, आणि हात थांबला. प्रश्न होता, "तुम्ही सुखी आहात का?" हात का थांबला, ते सांगण्यासाठीच हे भाषण आहे.

'अनुबोधपट' हा शब्द ज्येष्ठ भगिनींना चांगला आठवत असेल. १९४८ साली सरकारने फिल्म्स डिव्हिजन स्थापन केली, आणि पुढे कितीतरी वर्षे मुख्य खेळाच्या आधी वार्तापट किंवा अनुबोधपट दाखवला जात असे. धरणे, पूर, नवी बियाणी, पुढाऱ्यांचे दौरे हे सारे आपण तेथे पाहिले. तेवढ्या वेळात शेंगदाण्याच्या पुड्या सुटत आणि उशिरा आलेली मंडळी आपल्या खुर्च्या शोधत. त्यामुळे अनुबोधपट म्हणजे माहिती, आणि माहिती म्हणजे कंटाळा, अशी आपली समजूत होऊन बसली. हल्ली त्याला 'माहितीपट' म्हणतात, त्याने ती समजूत अधिकच घट्ट झाली. मलाही तसेच वाटे. निवृत्तीनंतर माझ्या भाचीने मला काही परदेशी अनुबोधपट दाखवले, तेव्हा ध्यानात आले की मी जे प्रश्न तीस वर्षे फळ्यावर लिहीत आले, तेच प्रश्न ही मंडळी कॅमेरा घेऊन रस्त्यावर विचारीत होती. सुख कशाला म्हणावे? माणूस दैवाने घडतो की प्रयत्नाने? गेलेला काळ जातो कुठे? फळ्यावरचा प्रश्न तास संपला की पुसता येतो. समोर बसलेल्या माणसाला विचारलेला प्रश्न तसा पुसता येत नाही.

सुरुवात एका घरापासून करते. १९२२ साली रॉबर्ट फ्लाहर्टी या गृहस्थाने कॅनडाच्या उत्तरेकडील हडसन उपसागराच्या काठी राहणाऱ्या इनुइट लोकांवर 'नानूक ऑफ द नॉर्थ' हा बोलपट नसलेला, मुका अनुबोधपट काढला. या प्रकारातल्या पहिल्या मोठ्या चित्रपटांत त्याची गणना होते. त्यात नानूकचे कुटुंब बर्फाच्या घरात झोपते, उठते, कपडे चढवते, असे दिसते. पण बर्फाचे खरे घर लहान आणि अंधारे. त्या काळच्या कॅमेऱ्याला उजेड भरपूर लागे. म्हणून एक मोठे घर बांधून त्याची एक बाजू उघडी ठेवली, आणि ती मंडळी उघड्या थंडीत झोपेचे सोंग घेऊन पडली. 'नानूक' हेही त्या माणसाचे खरे नाव नव्हे. त्याचे नाव अल्लाकारिआल्लाक. पडद्यावर जी त्याची पत्नी दिसते, ती त्याची पत्नी नव्हती. त्या काळी तेथील लोक बंदुका वापरू लागले होते, तरी शिकार जुन्या भाल्याने करून दाखवली.

यावर कुणी म्हणेल की ही सरळ फसवणूक झाली. पण माझ्या मनात वेगळेच येते. घराच्या आतले दाखवायचे तर भिंत काढावी लागते. आणि भिंत काढली की आतली ऊब राहत नाही. मग आपण पाहिले ते घर कोणते? अनुबोधपटाच्या पोटात हा प्रश्न पहिल्यापासून आहे. आपल्या बेताच्या पोटातही तो आहे, कारण आपण ज्यांच्याकडे जाणार त्यांच्याही घराची एक भिंत काढणार आहोत.

आता पॅरिसला जाऊ. १९६० सालचा उन्हाळा. जाँ रूश हे मानववंशशास्त्रज्ञ आणि चित्रपटकार, आणि एदगार मोरँ हे समाजशास्त्रज्ञ, या दोघांनी एक प्रयोग केला. खांद्यावर घेऊन चालता येईल असा हलका कॅमेरा आणि सोबत नेता येईल असे ध्वनिमुद्रण यंत्र नुकते हाती येऊ लागले होते. त्याच्या जोरावर त्यांनी दोन तरुणींना रस्त्यावर उभे केले आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला एकच प्रश्न विचारायला सांगितले: "तुम्ही सुखी आहात का?" हा अनुबोधपट १९६१ साली प्रदर्शित झाला. त्याच्या फ्रेंच नावाचा अर्थ 'एका उन्हाळ्याची बखर' असा होतो. पाहताना मौज वाटते. कुणी हसून पुढे जातो, कुणी थांबतच नाही, कुणी उत्तर देता देता आपल्या दुःखावर येऊन ठेपतो. भर रस्त्यात अनोळखी मुलीने असे विचारल्यावर आपण तरी काय सांगितले असते?

पण खरी गोष्ट पुढेच आहे. त्या दोघींपैकी एक मार्सेलीन लोरिदाँ. तिच्या हातावर एक आकडा गोंदलेला होता. चित्रपटात आफ्रिकेतून शिकायला आलेल्या तरुणांना त्या आकड्याविषयी विचारतात, तेव्हा तो कशाचा हे त्यांना सांगता येत नाही. तो आउश्वित्झच्या छळछावणीचा आकडा होता. १९४४ साली, पंधरा-सोळा वर्षांची असताना, नात्झींनी तिला तिच्या वडिलांबरोबर नेले होते. ती परत आली, वडील आले नाहीत. मार्सेलीन पॅरिसच्या एका विशाल, रिकाम्या चौकातून एकटीच चालत जाते. ध्वनिमुद्रण यंत्र तिच्या अंगावर कोटाखाली आहे, कॅमेरा दूर आहे, आणि ती हळू आवाजात आपल्या वडिलांशी बोलते आहे. ती काय बोलते ते चित्रण करणाऱ्यांनाही त्या वेळी ऐकू येत नव्हते. लोकांना सुखाविषयी विचारीत फिरणाऱ्या मुलीच्या पोटात काय होते, ते आपल्याला तेव्हा कळते.

शेवटी रूश आणि मोरँ यांनी आणखी एक गोष्ट केली, आणि त्यासाठी मी त्यांना मानते. चित्रपटात भाग घेतलेल्या सगळ्यांना एकत्र बसवून त्यांनी तो दाखवला आणि त्यावरची त्यांची चर्चाही चित्रित केली. तेथे एकमत झालेच नाही. कुणाला त्यातली माणसे खोटी वाटली. कुणाला ती नको इतकी खरी, उघडीवाघडी वाटली. मार्सेलीनने तर आपण तेथे अभिनय केला असेही सांगितले. मग दोघे दिग्दर्शक एका संग्रहालयाच्या दालनात येरझाऱ्या घालीत आपले कुठे चुकले त्याची चर्चा करतात आणि चित्रपट संपतो. वर्गात मी सांगत असे की अभिनय आणि सचोटी हे परस्परविरोधी पदार्थ आहेत. मार्सेलीनला पाहिल्यावर मला तसे म्हणवत नाही. देवापुढे उभे राहून गाऱ्हाणे सांगणारी बाईसुद्धा आवाज थोडा चढवतेच. म्हणून तिचे गाऱ्हाणे खोटे ठरते का?

दुसरे उदाहरण इंग्लंडचे. आपल्याकडे दैव मोठे की प्रयत्न मोठा हा वाद पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. कीर्तनकाराने पूर्वरंगात घ्यावा आणि उत्तररंगात सोडवावा, असा. १९६४ साली तेथील ग्रॅनडा टेलिव्हिजनने हा वाद जणू प्रत्यक्ष मोजायला घेतला. सात वर्षांची चौदा मुले निवडली. काही श्रीमंत शाळांतली, काही कामगारवस्तीतली, दोघे अनाथालयातले. सातव्या वर्षीच्या मुलात पुढचा माणूस दिसतो, अशी एक जुनी म्हण त्यांनी कसोटीला लावली. त्या 'सेव्हन अप!' या कार्यक्रमासाठी मुले शोधण्याचे काम मायकेल ॲप्टेड या तरुणाकडे होते. पुढे दर सात वर्षांनी तो त्याच माणसांकडे कॅमेरा घेऊन जात राहिला. शेवटची फेरी २०१९ साली झाली, तेव्हा ती मुले त्रेसष्ट वर्षांची झाली होती. २०२१ साली ॲप्टेड वारला.

निकाल काय लागला? दैवाच्या बाजूने पुष्कळ पुरावा मिळतो. सातव्या वर्षी जी श्रीमंत मुले आपण कोणत्या शाळेत आणि कोणत्या विद्यापीठात जाणार ते घडाघडा सांगतात, त्यांतली काही खरोखरच त्याच वाटेने जातात. आणि मग सारा हिशेब मोडणारी माणसे भेटतात. लिव्हरपूलचा एक हसरा, उड्या मारणारा मुलगा अठ्ठाविसाव्या वर्षी बेघर होऊन स्कॉटलंडमध्ये भटकताना दिसतो. तोच पुढे निवडणूक जिंकून स्थानिक परिषदेचा सभासद होतो. कोणत्या सूत्रात बसवायचे हे आयुष्य? आणखी एक मुलगा लंडनच्या गरीब वस्तीतला. हा बहुधा तुरुंगात जाणार, असा ॲप्टेडचा अंदाज होता. म्हणून पुढे उपयोगी पडतील अशी काही दृश्ये त्याने आधीच टिपून ठेवली. तो मुलगा टॅक्सी चालवू लागला, संसाराला लागला, आणि ॲप्टेडला आपली चूक जाहीरपणे मान्य करावी लागली. म्हणजे परीक्षा मुलांची चालली होती आणि नापास परीक्षक झाला.

त्याची दुसरी चूक आपल्याला अधिक लागू आहे. त्या चौदा मुलांत मुली फक्त चार होत्या. बायका पुढे काय काय करू लागतील याची १९६४ साली निवडणाऱ्यांना कल्पनाच नव्हती, आणि त्याचा ॲप्टेडला पुढे पश्चात्ताप झाला. त्या मुली मोठ्या झाल्यावर त्यांना प्रश्न विचारले गेले ते लग्नाचे, नवऱ्याचे, मुलांचे. त्यांच्यातली एक भगिनी पुढे कॅमेऱ्यासमोरच त्याला फैलावर घेते. आम्हाला तू असलेच प्रश्न का विचारलेस, असा तिच्या बोलण्याचा रोख होता. मैत्रिणींनो, ते पाहताना मी माझ्या खुर्चीत सावरून बसले. ती त्याच्यावर नुसती रागावली नव्हती. माणूस कशाने घडतो या प्रश्नाचे एक उत्तरच तिने दिले होते: माणूस त्याला विचारलेल्या प्रश्नांनीही घडतो. हे मला कोणत्याही ग्रंथात इतके स्पष्ट सापडले नव्हते.

तिसरे उदाहरण दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशाचे. तेथे आताकामा नावाचे वाळवंट आहे, जगातल्या अत्यंत कोरड्या प्रदेशांपैकी एक. हवा इतकी स्वच्छ आणि कोरडी की मोठमोठ्या दुर्बिणी तेथे उभारल्या आहेत. पॅट्रिसियो गुझमान या चिलीच्याच दिग्दर्शकाने २०१० साली या वाळवंटावर 'नॉस्टॅल्जिया फॉर द लाइट' हा अनुबोधपट केला. त्यातला एक खगोलशास्त्रज्ञ समजावून सांगतो की वर्तमानकाळ असा काही नसतोच. आपण पाहतो ते सारे होऊन गेलेले असते. सूर्याचा प्रकाश आपल्यापर्यंत पोचायला सुमारे आठ मिनिटे लागतात, दूरच्या ताऱ्यांचा तर हजारो-लाखो वर्षे. तेव्हा आकाशाकडे पाहणे म्हणजे भूतकाळाकडेच पाहणे.

हे सारे ऐकायला फार सुंदर आहे. पण त्याच वाळवंटात काही बायका हातात फावडी घेऊन जमीन उकरताना दिसतात. ११ सप्टेंबर १९७३ रोजी जनरल पिनोशेच्या लष्कराने तेथील निवडून आलेले सरकार उलथवले. हजारोंना पकडले, कित्येकांना मारले आणि त्यांची प्रेते लपवली. कालामा गावच्या २६ पुरुषांना त्याच ऑक्टोबरात ठार केले होते. त्यांच्या बायका, बहिणी वर्षानुवर्षे त्या अफाट वाळूत हाडांचे तुकडे शोधत राहिल्या. एका बहिणीच्या हाती भावाचे पाऊल लागते, तेवढेच. दुसरी म्हणते की या दुर्बिणी आकाशाऐवजी जमिनीच्या आत पाहू शकल्या असत्या तर किती बरे झाले असते. तो शास्त्रज्ञही मोकळेपणाने कबूल करतो की आम्ही रात्रभर भूतकाळ शोधून स्वस्थ झोपू शकतो. या बायकांना तशी झोप लागणार नाही.

त्याच वाळवंटात सोऱ्याच्या खाणीचे एक ओसाड गाव आहे, चाकाबुको. लष्कराने त्याचा बंदिवास केला. तेथील काही कैदी एका जाणत्या सोबत्याकडून रात्री आकाशातले तारे ओळखायला शिकत. पहारेकऱ्यांनी पुढे ते बंद केले. ताऱ्यांच्या अनुरोधाने हे पळून जातील अशी त्यांना भीती वाटली. गुझमानलाही त्या उठावानंतर सँटियागोच्या क्रीडांगणात डांबून ठेवले होते. म्हणून गेलेला काळ कुठे जातो, हे तो परक्यासारखे विचारीत नाही. ज्यांना तो विचारतो त्यांच्यातलाच तो एक आहे. त्याच्या चित्रपटाचे बळ मला त्यातच दिसते.

हे सगळे दूरदेशीचे वाटत असेल तर घराजवळचे एक सांगते. निष्ठा जैन यांनी मुंबईत 'लक्ष्मी अँड मी' हा अनुबोधपट केला, २००७ सालचा. त्यांच्याच घरी कामाला येणाऱ्या तरुण मुलीवर तो आहे. पण त्याच्या नावातच 'मी' आहे, आणि ती मालकीणबाई पडद्यावरही आहे. जिच्या कष्टांवर माझे घर चालते तिला मी खरोखर कधी पाहिले का, असा तो प्रश्न. आपल्यापैकी प्रत्येकीच्या स्वयंपाकघरात तो रोज सकाळी येऊन उभा असतो. आपणच त्याला आत घेत नाही.

आता माझा हात का थांबला ते सांगते. चार वर्षांपूर्वी, हे अनुबोधपट नुकतेच पाहिले होते तेव्हा, मला हुक्की आली आणि मी माझ्या सासूबाईंसमोर मोबाइल धरला. त्या दुपारी तांदूळ निवडीत बसल्या होत्या. मी पॅरिसच्या मुलींसारखे विचारले, "आई, तुम्ही सुखी आहात का?" त्यांनी वर पाहिले नाही. सुपात बोटे फिरवीत म्हणाल्या, "एकतीस वर्षं एका घरात आहोत. आजच का विचारावंसं वाटलं गं?" मला उत्तर सुचले नाही. मग त्या म्हणाल्या, "आधी ते खाली ठेव. मग सांगते."

मी मोबाइल खाली ठेवला. त्यांनी सांगितले. ते येथे सांगणार नाही. ते मला सांगितलेले होते. एवढेच सांगते की त्यातला काही भाग माझ्याविषयी होता, आणि तो ऐकायला सोपा नव्हता. पुढच्या वर्षी त्या गेल्या. आज माझ्याजवळ चार मिनिटांचे चित्रण आहे. त्यात दोन हात आहेत, सूप आहे, माझा प्रश्न आहे आणि त्यांचा प्रश्न आहे. उत्तर कुणाचेच नाही. मी ते अनेकदा लावून पाहते, आणि दर वेळी मला त्यांच्यापेक्षा माझाच आवाज परका वाटतो. त्या आवाजाला ऐकण्यापेक्षा टिपण्याची घाई होती.

म्हणून कार्यकारिणीपुढे माझ्या तीन सूचना आहेत. पहिली, जो प्रश्न स्वतःला विचारून घेण्याची आपली तयारी नाही, तो कुणालाही विचारू नये. दुसरी, चित्रण झाल्यावर ते आधी त्या त्या भगिनीला, तिच्या घरी बसून दाखवावे, आणि "हे काढा" असे ती म्हणाली तर कारण न विचारता काढावे. मात्र वाद घालायची तिची इच्छा असेल तर तो वादही ठेवावा. पॅरिसच्या मंडळींनी ठेवला होता. तिसरी, बोलता बोलता कुणी गप्प राहिली तर ती शांतता कापू नये, आणि पुढचा प्रश्न घाईने पुढे सरकवू नये. कुणी "आधी ते खाली ठेव" म्हणाली, तर खाली ठेवावे. तेवढ्याने आपला अनुबोधपट चार मिनिटांनी लहान होईल, एवढेच.

प्रश्नांची यादी मी अजून पुरी केलेली नाही. पहिला प्रश्न खोडलाही नाही, तो तसाच आहे. फक्त आपण उलट्या क्रमाने सुरुवात करावी असे मला वाटते. ज्या भगिनींना आपण विचारणार, त्यांनी आधी आपल्याला विचारावे. मोबाइल त्यांच्या हातात द्यावा. मी येत्या शनिवारी दुपारी चारला मंडळाच्या खोलीत येऊन बसेन. ऐंशीच्या पुढच्या ज्या कुणाला मला काही विचारायचे असेल, त्यांनी जरूर यावे. उत्तर देताना माझा आवाज थोडा चढला, तर तो अभिनय समजून सोडून देऊ नका, एवढीच विनंती.